तेरेझासमोर आई

१२ जानेवारी २०२५, कुंडल

पाहुणी आली! तेरेझा. पोर्तुगालची, साठीतली, माहितीपट करते. जवानांच्या घरांवर फिल्म करायचीय. दुभाषी हवी म्हणून पलूसच्या कॉलेजातल्या माझ्या सरांनी माझं नाव दिलं. पुण्याची नोकरी सोडून आल्यापासून इंग्रजी बोललेच नव्हते. जीभ अडखळली.

आधीच सांगून टाकलं—माझा भाऊ उदयसिंह लष्करात होता. बर्फात गाडी दरीत गेली. तेराव्यापासून आई बोलत नाही. माझ्याशी नाही, कुणाशीच नाही. वर्ष होत आलं.

“चालेल,” म्हणाली. “मी प्रश्न विचारत नाही.”

१४ जानेवारी

संक्रांत. यंदा तिळगूळ नाही.

तेरेझाची पहिली फिल्म बघितली, तिच्याच आईवर. वडील मासेमारीला गेले ते आलेच नाहीत. आई धक्क्यावर बसून जाळी विणते—बस्स! निवेदन नाही, संगीत नाही. बाई उठून जाते तरी कॅमेरा तिथंच, रिकाम्या दगडावर. पुढं तीस वर्षं हिनं हेच केलं. मिठागरातल्या बायका, खाणकामगारांच्या विधवा. बक्षिसं मिळाली, बघणारे मिळाले नाहीत, म्हणाली.

रिकामा दगड कशाला दाखवायचा? मी विचारलं.

“आई गेल्यापासून मी तेवढाच भाग बघते.”

१७ जानेवारी

कॅमेरा परसात. आई लसूण सोलतेय, तेरेझा गप्प. मला हातानं खुणावून आत घालवलं! राग आला.

शेजारच्या चंद्राबाई कुंपणावरून—“आवं म्याडम, शालूबाई बोलतच न्हाई, मग शूटिंग कसलं करताय?”

१९ जानेवारी

शेजारच्या रानात उसाचं पाचट पेटवलंय. तो जाळ बघून आई जेवली नाही.

२१ जानेवारी

रानातून आले तर तेरेझा सांगायला दारातच उभी. आई बोलली! तिच्याशी!

मोरीत जाऊन रडले. वर्षभर मी ताट वाढून समोर बसते. आणि बोलली कुणाशी? परकीशी!

“मला एक शब्दही कळला नाही,” तेरेझा म्हणाली. “कदाचित म्हणूनच बोलल्या.”

२२ जानेवारी

तेरेझाचं रेकॉर्डिंग हेडफोन लावून ऐकलं. आधी सगळं दादाचंच. त्याला काय आवडायचं, लहानपणी कसा पडला. मग—

“पैलं माझी जीभच वळंना. आता वळती. पर शिवांजली नोकरी टाकून आलीया गं बाई. माझ्यापाशी बसून वाळत चाललीया पोर. मी बोलाया लागले तर हितंच ऱ्हाईल, माझ्यासंगं म्हातारी हुईल. लय येतं व्हटावर. गिळते. कटाळून तरी जाईल.”

तेरेझानं अर्थ विचारला. सगळा सांगितला. तिनं लॅपटॉप मिटला. म्हणाली, “हे फिल्मसाठी नाही.”

२४ जानेवारी

आईला सांगितलं, सोमवारी पुण्याला निघते.

तिची पाठ माझ्याकडं. एकच पातेलं कितीतरी वेळ घासत राहिली.

मग म्हणाली, “जा.”