झोपाळा थांबला की

१२ मार्च १९५६, धुळे
आईचं तेरावं झालं. पंगतीत मीठ कोणी वाढायचं हेही नानांनी ठरवलं. 'बाप' असं लिहवत नाही, म्हणून नाना.
भिंतीला खिळा मारून घेतला. लावायला फोटो नाही. घरातल्या बायकांचा फोटो काढायचा नाही, हा त्यांचाच कायदा. शेजारच्या अक्का म्हणाल्या, "मंग हार काय खिळाले घालशात?"

१४ मार्च
मामाचा मधू आला. जळगावला टॉकीजात मशीन चालवतो. गेल्या उन्हाळ्यात त्याने आमच्या घरीच छोटी विनोदी फिल्म काढली होती, मुकी. गोष्ट घरावर दरारा बसवणाऱ्या घरधन्याची. नानांना मात्र त्याने सांगितलं, तुमच्या कापसाच्या व्यापारावर आहे. ते कॅमेऱ्यालाही हुकूम सोडत होते.
मधू म्हणतो, नानांच्या हाकेसरशी आत्या, म्हणजे माझी आई, त्यात आली आहे. एक चित्र कापून मोठं करता येईल. मला तिचा चेहरा हवा. बाकी काही नको.

१८ मार्च
माजघरात धोतराचा पडदा. त्यावर नाना झोपाळ्यावर. आमच्याकडे झोपाळा थांबला की आता हुकूम येणार म्हणून सगळे धावतात. पडद्यावरचा थांबला तर काकू खरोखर उठून उभी राहिली. हशा. नाना स्वतःलाच न ओळखता विचारतात, "हाऊ कोन शे?"
मग आई. धावत तांब्या दिला, मागे सरकली. आणि त्यांच्या पाठीमागे कमरेवर हात, गाल फुगवून हुबेहूब नाना. आमची आई! मी तिला असं कधीच...
"बंद कर ते!" नाना गरजले. रीळ कपाटात, किल्ली त्यांच्या कमरेच्या करगोट्याला.

१९ मार्च
नानांकडे ते एक चित्र मागितलं.
"मयत बाईनं सोंग भिंतवर टांगशी?"
म्हणालो, दुसरा फोटो तुम्ही होऊ दिला नाही. पहिल्यांदाच उलट बोललो. त्यांनी ताट लोटलं. मी उचललं नाही.

२५ मार्च, दु.
ओट्यावर बसून लिहितो. नानांनी मधूला बोलावून घेतलं, रीळ स्वतःच काढून दिलं. दोघेच आत, दारं बंद.
"आखो दाखाड." मशीनची घरघर पुन्हा पहिल्यापासून. "आखो."
मग ओरडले, पडद्यावरच्या आईलाच, "मांगे काय करस? मना तोंडसमोर कर ना वं!"
मला दया आली नाही.
मधू घामाघूम बाहेर आला. "आत्या नक्कल करते तिथंच धर म्हणतात. दिव्यासमोर एकच चित्र थांबवून धरलं तर जळेल रे ते."
"सांगितलंस?"
"त्यांना?"
आतून हाक. "मधू! थांबाड म्हंतं ना!"
तो गेला. घरघर चालू आहे.
थांबली. वही ठेवतो, आत जातो.