हलका हात

प्रिय खटपट्या,

आईचं पत्र, तेही कागदावर, म्हणजे काहीतरी बिनसलंय हे तू पाकीट बघूनच ओळखलं असशील. बाबा समोर बसले असतील. त्यांच्या तोंडाकडे बघू नकोस, आत काय आहे ते त्यांना माहीत नाही. मायलेकांनी अबोला धरावा असं काही झालेलंच नाही, असं त्यांचं ठाम मत आहे. ‘पोराचं कामच आहे ते, जाऊ दे गं,’ हे पालुपद मी रोज ऐकते. प्रवासाने दमले असतील, त्यांना आधी जेवायला वाढ आणि मग पुढचं वाच.

माझं म्हणशील तर मी हल्ली उपकेंद्राच्या स्टोअरमध्ये बसते. कंट्रोल रूम जिन्याच्या वर, मी जिन्याच्या खाली. रबरी हातमोजे, फ्यूज, हेल्मेट मागायला कुणी आलं की द्यायचं आणि सही घ्यायची. टेबलाचा एक पाय आखूड आहे, त्याखाली पुठ्ठा दुमडून घातलाय. खिडकीतून आपलं स्विचयार्ड दिसतं, ते खांब-तारांचं जंगल, पण पाठीमागून, नाटक विंगेतून बघावं तसं. वर आता प्रत्येक पाळीला एकच माणूस असतो, आणि तोही फक्त बघायला.

तुझं यंत्र उत्तम चालतं हे आधीच सांगून टाकते, नाहीतर म्हणशील आईला कौतुक म्हणून नाही. वीज कुणाचं ऐकत नाही, सोपी वाट दिसली की तिकडे धावते, हे तुला मीच शिकवलं होतं, स्वयंपाकघराच्या ओट्यावर बसवून. आपल्या शहराला येणाऱ्या दोन लाइन. नदी लाइन जवळची, म्हणून सगळा भार तिच्या डोक्यावर. डोंगर लाइन लांबची, ती आपली निवांत. आम्ही जन्मभर भार तिकडे ओढायला डोंगर लाइनवरचे कपॅसिटर आत घ्यायचे, बाहेर काढायचे, आणि तेवढ्यानेही भागलं नाही तर कुठल्या तरी वस्तीची वीज तोडून शिव्या खायच्या. आता मागच्या नव्या शेडमध्ये तुझे थायरिस्टर, ते विजेचे झटपट स्विच, बसलेत. डोळ्याचं पातं लवायच्या आत ते विजेच्या लेखी एक लाइन लांब करतात, दुसरी जवळ आणतात, आणि भार गुमान तिकडे वळतो. या उन्हाळ्यात अजून एकाही वस्तीची वीज तोडावी लागलेली नाही. मी खाली बसून हे ऐकते आणि मला अभिमान वाटतो. रागही येतो. दोन्ही एकदमच येतात, काय करू?

गेल्याच्या आदल्या हिवाळ्यात तू रजा काढून घरी आलास तेव्हा मला आकाश ठेंगणं झालं होतं. नोकरी लागल्यापासून दोन दिवसांवर कधी टिकला नव्हतास, आणि आता महिनाभर राहणार म्हणालास. रोज माझ्याबरोबर पाळीला यायचास. गप्पीदासाने तुझ्यासाठी कोपऱ्यातलं स्टूल पुसून ठेवलं होतं. माझ्या शेजारच्या टेबलावर इतकी वर्षं बसून तो तोंड म्हणून बंद ठेवायचा नाही, पण तू आलास की तोही गप्प बसून ऐकायचा. आई, हे कसं ठरवतेस? आई, भार कितीवर गेला की हात घालतेस? फोन टेबलावर पालथा टाकून तू तासन्‌तास विचारत राहायचास. तुमच्या कंपनीचं नवं यंत्र येणार हे सगळ्यांना ठाऊक होतं. ते ऑपरेटरचा उजवा हात होईल, असं तूच आम्हाला सांगितलंस. घरी येऊन मी बाबांना म्हणाले, अहो, पोराला शेवटी आईच्या कामाची गोडी लागली. हे वाक्य आठवलं की अजून कानशिलं तापतात माझी.

यंत्र दाखवायला तुमच्या कंपनीचा माणूस आला, तू आला नाहीस. भला माणूस होता बिचारा. मोठा पडदा लावून एकेक ओळ समजावत होता, आणि मधेच एक ओळ आली, ‘हलका हात, दुपार’. उन्हाच्या वेळी नदी लाइनवर हात हलका ठेवायचा, म्हणजे भार कमी, हे माझे शब्द. गप्पीदासाने माझ्याकडे बघितलं. मी नुसतीच हसले, मला वाटलं पोराने आईची आठवण ठेवलीय. तेवढ्यात तो माणूस म्हणाला, “हे शिकून घ्यायला आम्ही आमच्या माणसाला महिनाभर इथे पाठवलं होतं. त्यामुळे आता ठरवायला इथे कुणी बसायची गरज नाही.”

पाठवलं होतं. म्हणजे रजा नव्हतीच. माझ्या हातचं जेवत होतास, रात्री पांघरूण घातलं तर झोपेत हात धरत होतास, आणि दिवसा माझी खुर्ची काढायचं काम करत होतास. परक्याने केलं असतं तर चार शिव्या देऊन मोकळी झाले असते. तू केसाने गळा कापलास रे. खुर्चीचं मी एक वेळ विसरेन. पण गप्पीदासाची लांबच्या उपकेंद्रात बदली झाली, आणि जाताना तो माझ्याशी एक शब्द बोलला नाही. तो, आणि एक शब्द नाही! सगळ्यांना वाटतं मला आधीपासून माहीत होतं, मुलाचं भलं व्हावं म्हणून मी बाकीच्यांना बुडवलं. कुणाकुणाला सांगू की मलाही फसवलं, आणि तेही माझ्याच पोराने?

आता मुद्द्याचं. गेल्या आठवड्यात हातमोजे द्यायला भर दुपारी वर गेले होते. पडद्यावर डोंगर लाइन काठोकाठ भरलेली, आणि नदी लाइन जवळजवळ मोकळी. ‘हलका हात’ चालू. वरच्या माणसाला विचारलं, तर म्हणाला, यंत्राला कळतं. अरे, काय कळतं? उन्हात भार वाढला की तार तापून खाली लोंबते, आणि तिच्या खालून नदीत गवताची नाव जायची, गवत तारेला टेकेल एवढं उंच रचलेलं. म्हणून मी हात हलका ठेवायचे. गेल्या पावसाळ्यानंतर पूल झाला, नाव बंद पडली. मी त्याच दिवशी ती सवय सोडली असती. तुझं यंत्र मात्र नसलेल्या नावेला रोज वाट करून देतंय, आणि त्यापायी डोंगर लाइन तापवतंय. ती खाली वाळलेल्या झाडांना टेकली की बंद पडणार, मग सगळा भार एकदम नदी लाइनवर येऊन तीही जाणार, आणि इस्पितळासकट अख्खं शहर अंधारात. तू मला ‘किती’ विचारलंस, ‘कधी’ विचारलंस. ‘का’ एकदाही विचारलं नाहीस. इतक्या खोलात शिरला असतास तर मला संशय आला असता, म्हणूनच ना? खरं सांगून आला असतास तर मी आकांडतांडव केलं असतं, दोन दिवस जेवले नसते, आणि तिसऱ्या दिवशी तुला नदीवर नेऊन ती नाव दाखवली असती.

वरच्या माणसाने माझ्या शब्दाखातर ती ओळ सध्या हाताने बंद ठेवलीय, पण त्याच्या जिवावर शहर सोडता येत नाही. सोमवारी सकाळी मी साहेबांकडे जाऊन हे सगळं सांगणार आहे. यंत्र चांगलं आहे हेही सांगेन. तरी चौकशी लागेल, ती तुझ्यापर्यंत येईल, आणि ज्या कामावर तुला बढती मिळाली त्याच कामाचा जाब तुला द्यावा लागेल. कदाचित वरच्या खुर्च्या परत मांडतील, कदाचित नाही. हे तुला परक्याच्या तोंडून, चारचौघांत, पडद्याकडे बघताना कळू नये, म्हणून बाबांना एवढ्या लांब पाठवलंय. आपल्या हातून कुणाच्या पोटावर पाय पडणार असेल तर त्याला आधी सांगावं. मला तुझ्याकडून तेवढंच हवं होतं.

तुझ्यावर भयंकर रागावलेली, तरी तुझीच,
आई