पाद्र्याची बायको, रंगाऱ्याची बायको

प्रिय ॲम्ब्रोज,

तुझा निरोप पोचला. नुसता मला नाही, अख्ख्या बाजाराला पोचला. लोकरीच्या गाडीवाल्या ह्यूला हळू बोलता येत नाही हे तुला ठाऊक आहेच. मी मडकी बघत उभी होते, तर तो गाडीवरूनच ओरडला, "थॉमसिनबाई, पाद्रीबाबा मजेत आहेत हो. म्हणालेत, राणी बदलली, आता पाद्र्याच्या लग्नाला कोणी नाक मुरडणार नाही. जूनमधल्या योहानाच्या सणाला येतायत तुम्हाला न्यायला." सगळा बाजार माझ्याकडे वळला. बियर विकणारी मार्जरी म्हणाली, "मग कसं करणार गं बाई? सोमवार ते बुधवार रंगाऱ्याकडे आणि पुढे पाद्र्याकडे?" लोक हसले. मीही हसले, दुसरं काय करणार. मडकं न घेताच घरी आले.

तेव्हापासून चित्त थाऱ्यावर नाही. हे पत्रही सलग लिहीत नाहीये. दोन ओळी लिहिते, उठते, कढईखालचा जाळ बघते, उगाच दाराशी जाऊन येते, पुन्हा बसते. अक्षर वाकडंतिकडं आहे, पण ते तूच शिकवलेलं. लग्नानंतरच्या पहिल्या हिवाळ्यात माझा हात धरून तू इंग्रजी बायबलातल्या ओळी गिरवून घ्यायचास. म्हणायचास, "देव आता लॅटिनमधून बाहेर आलाय, थॉमसिन. त्याच्याशी सरळ बोल." तेव्हा तो लहान राजा गादीवर होता, पाद्र्यांची लग्नं कायद्यात बसत होती, आणि आपल्याला वाटायचं की जग आता असंच राहणार.

गावचं म्हणशील तर चर्चमध्ये पुन्हा चुना लावायचं चाललंय. भिंतीवरचे संत राजाच्या काळात झाकले, मेरी राणीच्या काळात चुना खरवडून उघडे केले, आता परत झाकायचे. तिन्ही वेळा काम आपल्या हंफ्रेकडेच. चर्चची देखभाल करता करता म्हातारा पार वाकलाय. परवा मी त्याला म्हटलं, "हंफ्रेकाका, भिंत अजून ओलीच दिसते." तर म्हणाला, "पातळच लावतोय पोरी. पुन्हा खरवडायला बोलावलं तर माझी कंबर राहिली पाहिजे." वेदीही हलवली, तिच्या जागी साधं लाकडी टेबल आलं. मी त्या टेबलाकडे बघत उभी राहिले, कारण तू उभा होतास ती जागा तीच.

त्या रविवारचं मी तुला कधी विचारलं नाही, आणि विचारायला तू राहिलाही नाहीस. पांढरी चादर पांघरून, हातात मेणबत्ती घेऊन तू सगळ्या गावासमोर वाचलंस की हे लग्न नव्हतं, पाप होतं, आणि ही बाई माझी बायको नव्हती. पाद्र्यांनी बायका सोडाव्यात हा मेरी राणीचा हुकूम, कागदही तिच्या माणसांनीच लिहून दिला होता, हे मला कळत होतं. नाही म्हटलं असतंस तर चर्च गेलं असतं, कदाचित तुरुंगही झाला असता. तू आधी किती दिवस नाही म्हणत राहिलास, तेही मी बघितलं होतं. जेवण जात नव्हतं तुला. तरीपण मागच्या खांबाशी उभी राहून ते ऐकताना मला वाटलं, आत्ता हा मान वर करेल आणि निदान एकदा माझ्याकडे बघेल. तू मेणबत्तीकडेच बघत राहिलास. सुझन माझ्या झग्याला धरून उभी होती. बाहेर आल्यावर तिनं विचारलं, "बाबांनी काय तोडलं? माफी कशाची मागत होते?" लगेच तुला तिकडे लिंकनच्या पाणथळ मुलखात दुसरं चर्च दिलं, आणि मला बजावलं की त्याच्या मागे गेलीस तर त्यालाच भोगावं लागेल. म्हणून मी आले नाही.

नंतरचं थोडक्यात सांगते. लोकरीचं सूत कातून मी आणि सुझन राहिलो. लोकर बार्नबी रंगारी द्यायचा. त्याची बायको त्याआधीच तापानं गेली होती. हा माणूस बोलायला कमी, हात कोपरापर्यंत कायम निळे. गल्लीतली पोरं सुझनला "पाद्र्याचं पाप" म्हणून चिडवायची. एकदा त्यानं त्यातल्या एकाला उचलून थेट निळीच्या कढईवर धरलं आणि शांतपणे विचारलं, "पुन्हा म्हण, काय म्हणालास?" खाली ठेवताच पोरगं घराकडे पळालं. त्या दिवसापासून सुझन त्याच्या मागेमागे हिंडायला लागली. पुढे त्यानं मला मागणी घातली. मी नव्या पाद्रीबाबांना विचारलं, मला चालेल का. ते अगदी खुशीत म्हणाले, "का नाही चालणार? तुझं आधीचं लग्न लग्नच नव्हतं. तू तर कुमारिका." पुढ्यात पोर उभी असताना म्हणाले.

आणि आता टोबी आहे. नुकता चालायला लागलाय, दोन पावलं टाकतो आणि आपटतो. निरोपात तू त्याच्याबद्दल काही म्हटलं नव्हतंस, म्हणजे तुला माहीत नसावं.

तू म्हणतोस, आता सगळं सुरळीत झालं. ॲम्ब्रोज, या उन्हाळ्यात राणीची माणसं गावोगाव येणार आहेत, चर्चची, पाद्र्यांची, लग्नांची चौकशी करायला. त्यांच्यासमोर तू उभा राहून म्हणालास की थॉमसिन माझी बायको, तर कदाचित ते मानतील. मग सुझन औरस ठरेल. पण त्याच घटकेला बार्नबीशी झालेलं माझं लग्न खोटं आणि टोबी अनौरस. आणि तू गप्प राहिलास तर टोबी वाचतो, सुझन राहते तशीच. दोघंही माझ्याच पोटची. राणी बदलली की एकाच्या अंगावरचं पांघरूण काढून दुसऱ्याच्या अंगावर घालायचं. यात तू मला येतोस म्हणून कळवतोस, आणि मी आनंदानं तयार होऊन बसावं असं तुला वाटतं.

बार्नबीला बाजारातली गोष्ट मी पोचायच्या आधीच कळली होती. मी घरी आले तेव्हा तो कापड ढवळत होता. वर न बघता म्हणाला, "जाणार असलीस तर मला आधी सांग. बाहेरून कळायला नको." मी म्हटलं, "तुला काय वाटतं, मी जाईन?" तो म्हणाला, "तो तुझा पहिला. मला काय वाटायचं ते वाटू दे." त्या रात्री तो जेवला नाही, आणि मला तू आठवलास. म्हणजे बघ, कोणाला बघून कोण आठवतं.

तुझ्यावर राग आहे का, तर होता. आता कधी असतो, कधी नसतो. मी तुझी बायको होते, हे मला कोणत्याच राणीकडून जाणून घ्यायचं नाही. पण मी इथून हलणार नाही. तू या चौकशीत माझं नाव घेऊ नकोस. कोणी विचारलंच तर त्या दिवशी वाचलास तोच मजकूर पुन्हा सांग. तेव्हा त्यांच्या धाकानं म्हणालास, आता माझ्यासाठी म्हण. हे मागणं किती जड आहे ते मला कळतं, कारण ते वाक्य ऐकायला मीच उभी होते.

सुझनला मी सगळं सांगितलं. तिची औरस ठरायची वाट बंद करायची तर तिच्या पाठीमागे कशी करू? पिंजत होती ती लोकर तिनं खाली ठेवली. मग म्हणाली, "टोबीला अजून कोणी काही म्हणत नाही ना? मग नको म्हणू देऊस." आणि नंतर, "पण मला त्यांना बघायचंय. त्यांनीच सांगू दे मला, माफी कशाची मागत होते." त्याचं उत्तर तूच द्यायचं. ते माझं नाहीच.

म्हणून हे पत्र. ह्यूची बायको या खेपेला सोबत आहे, तिच्या भरवशावर पाठवतेय. पत्र देऊन जी मुलगी दाराशी उभी आहे, तिला तू ह्यूची पोर समजला असशील. ती सुझन आहे. तुझ्यासारखीच उंच निघाली. तिला आत घे. राणीच्या माणसांना काय हवं ते सांग, तिला मात्र खरं सांग, आणि सांगताना तिच्याकडे बघ. कापणीपर्यंत ठेवून घे, मग ह्यूबरोबर परत पाठव. तिला भूक लागली तरी ती मागत नाही, विचारून वाढ.

एके काळची तुझीच,
थॉमसिन