हॅलाइडच्या कप्प्यातला चौथा खडा

सोमवार, ४ मार्च

तीनच खडे! शुक्रवारी संध्याकाळी पाण्यात चार टाकले होते.

मी पोचायच्या आधीच सफाईवाल्या मावशींनी टब रिकामा करून ठेवलेला. तीन खडे फडक्यावर ओळीने, पुसून. "चौथा कुठाय?" "तीनच होते की मॅडम." टब उचलून आत डोकावले. तळाशी पांढुरकं काहीतरी खरखरत होतं. बोट फिरवलं, जिभेला लावलं — खारट!



हॅलाइट होतं ते. मीठ. फ्लोराइट समजून मी मिठाचा खडा शनिवार-रविवार भिजत घातला!

गुरुवारी कॉलेजच्या संग्रहालयाच्या तपासणीला समिती येणार, म्हणून हॅलाइड वर्गाचा, म्हणजे मिठाच्या जातीतल्या खनिजांचा, कप्पा आवरायला घेतला होता. चिठ्ठ्यांचा डिंक सुकलेला, सगळ्या गळून पडलेल्या. चार पारदर्शक खडे, चारही घनाकार, चारही धुळीने माखलेले. मी उभ्या उभ्या म्हटलं — फ्लोराइट. नाणं घासलं नाही, हातात तोललंही नाही. हॅलाइट तर बरणीत असतं ना! पण गेल्या महिन्यात मुलांना दाखवायला बरणीतून काढलं कोणी? मीच. परत ठेवलं कुठे? बरणीऐवजी याच कप्प्यात!

टब साबणाने घासून लख्ख केला. सांगायचंच होतं तर घासला कशाला?

मंगळवार, ५ मार्च

सरांना हॅलाइटची रिकामी बरणी दिसली. सर आमचे प्रमुख, पण जीवाश्मांतले; खनिजांचा सगळा कारभार माझ्या भरवशावर. तो खडा त्यांच्या गुरूंनी खाणीत उतरून स्वतः आणलेला. पाहुणा कोणीही येवो, सर आधी त्याला त्या खड्यापाशी नेतात.

"गेला कुठे?" म्हणाले. आत्ता सांगावं, आत्ता — असं वाटत असतानाच माझ्या तोंडून निघालं, "शोधू या."

शोधू या! बॅटरी घेऊन कपाटांखाली रांगले. गुडघे काळे केले. मावशीही माझ्याबरोबर रांगत होत्या. "सापडेल हो मॅडम, पाय फुटलेत का त्याला!" मी हसले. खरंच हसले मी.

दुपारी सरांनी हळूच विचारलं, "शनिवार-रविवारी किल्ली मावशींकडेच असते ना?" मी "हो" म्हणाले. खरं तेच सांगितलं, म्हणून आणखीच घाण वाटतंय.

घरी नवरा म्हणाला, "चेहरा का पाडलायस?" सांगणार होते. पण हाच माणूस चारचौघांत कौतुकाने सांगत असतो — आमची ही दगडाकडे नुसतं बघून त्याचं कूळ सांगते! म्हटलं, डोकं दुखतंय.

बुधवार, ६ मार्च

आज पहिल्या वर्षाचं प्रात्यक्षिक. आणि विषय? खनिजं ओळखण्याच्या पायऱ्या. रद्दही करता येईना.

फळ्यासमोर उभी राहून बोलत होते. रंगावर जाऊ नका, रंग फसवतो. चिनी मातीच्या फरशीवर घासून पावडरीची रेघ बघा. मग कठीणपणा — नख, तांब्याचं नाणं, चाकू, याच क्रमाने. फुटतं कसं ते बघा. घाई करायची नाही, एका खुणेवर निकाल द्यायचा नाही. पोपटासारखी बोलत होते. स्वतःचाच आवाज ऐकून कानशिलं तापली.

पहिल्या बाकावरच्या चष्मेवालीने विचारलंच, "मॅडम, हॅलाइट आणि फ्लोराइट दोन्ही घनाकार. मग गल्लत होत नाही?"

म्हणाले, "नाणं घासा. हॅलाइटवर ओरखडा उठतो, फ्लोराइटवर नाही. फ्लोराइट हाताला जड लागतं, त्याचे कोपरे तिरपे उडतात. इतकं केल्यावर गल्लत शक्यच नाही."

शक्यच नाही! तिने ते लिहून घेतलं. मला जमिनीत गडप व्हावंसं वाटलं.

गुरुवार, ७ मार्च

समिती आली, चहा पिऊन गेली. त्या कप्प्याकडे कोणी ढुंकूनही पाहिलं नाही.

समिती गेल्यावर मावशी सरांच्या खोलीत आल्या. मी तिथेच होते. उभ्याच राहिल्या, बसा म्हटलं तरी बसल्या नाहीत.

"साहेब, माझ्याच हातून गेला असणार. टब मी ओतला. पाण्यासारखा खडा, पाण्यात दिसला नसेल. डोळे आता पहिल्यासारखे नाहीत माझे. चोरला नाही हो, ओतला."

सरांनी खुर्ची मागे सारली. मग म्हणाले, "मावशी, इथली एकेक वस्तू लाखमोलाची. दिसत नसेल तर हे काम तुमच्याकडे कसं ठेवू? महिनाअखेरपर्यंत या."

मी काय करत होते? टेबलावरचं पेपरवेट फिरवत होते.  थू माझ्या जिनगानीवर!

शुक्रवार, ८ मार्च

दोन वाजता मावशी धावतच वर आल्या. चपला हातात, ओचा चिखलाने भरलेला. मोरीच्या पाइपापासून मागच्या गटारापर्यंत सकाळपासून उपसत होत्या म्हणे. फडक्यात गुंडाळलेलं काहीतरी सरांच्या टेबलावर ठेवलं.

"हाच ना?"

पारदर्शक. कडा झिजलेल्या. साधारण तेवढाच. सरांनी तो माझ्याकडे सरकवला. "तू सांग. तू म्हणशील ते खरं."

हातात घ्यायचीही गरज नव्हती. एका कोपऱ्याचा टवका उडालेला, आतून शिंपल्यासारखा वळणदार. आत बारीक बुडबुडा. कुठल्यातरी बाटलीचं जाड बूड. काच.

मावशी माझ्या तोंडाकडे बघत होत्या.

"हो," म्हणाले. "तोच."

मावशींनी टेबलाला धरून डोळे पुसले. सर उठून उभे राहिले, हात जोडून म्हणाले, "मावशी, चुकलो. काम सोडायचं नाही." मग माझी पाठ थोपटली! मीठ गटारात इतके दिवस टिकेल कसं, हे त्यांच्या मनातही आलं नाही; मी म्हटलं ना, तोच! चिठ्ठीही मीच लिहिली — हॅलाइट, हॅलाइड वर्ग. अक्षर छान आलं.

मावशींची नोकरी वाचली की नाही? वाचली ना? मग?

रविवार, १० मार्च

दिवसभर स्वतःला पटवतेय की मी त्यांच्यासाठी खोटं बोलले. पटत नाही. त्यांच्यासाठी बोलायचं होतं तर मंगळवारीच बोलले असते.

सोमवार, ११ मार्च

सकाळी, कोणी यायच्या आत, मावशींना सगळं सांगितलं. मीठ होतं, मीच भिजत घातलं, कपाटात ठेवलंय ती काच आहे. त्यांच्यापुढे खाली बसून माफ करा म्हणाले.

त्या केर काढत होत्या. केरसुणी खाली ठेवली. डाव्या हातावरचं फडकं सोडून तळवा माझ्यापुढे धरला — अंगठ्यापासून मनगटापर्यंत टाके.

"शुक्रवारी कापलं, गटारात. खडा सापडला या आनंदात मला कळलंसुद्धा नाही."

मग म्हणाल्या, "ऊठ. सर येतील आता. माझ्यासमोर सांग."

जिन्यावर सरांची पावलं वाजताहेत. त्या दारात उभ्या आहेत, हात तसाच उघडा धरून.