बारशाला आलेला हंगेरियन पाहुणा

बाग सेवनिया, भोपाळ
१२ नोव्हेंबर २०२४

प्रिय मनोरमा,

इकडे सर्व ठीक. गुडघे आहेत तसेच आहेत. शोभा पोळ्या करून जाते. कच्च्या असतात, पण बोलायची सोय नाही. "अंकल, तो आप ही बना लो," म्हणते. संपदाला आणि जावईबापूंना आशीर्वाद. पत्र लिहितोय, कारण फोनवर मी काही विचारू लागलो की तू "थांबा हं, संपदाशी बोला" म्हणून सुटतेस.

तुझा तो टिबोर साल्का गेला. पेपरात आतल्या पानावर चार ओळी होत्या, तू त्या दोनदा वाचल्यास. दोनच दिवसांनी हबीबगंजवरून पुण्याची गाडी धरलीस. तिकीट आधीच काढलं होतं म्हणालीस. असेल. मी काही म्हणत नाही.

तू गेल्यावर त्याच्यावरचा माहितीपट पाहिला, खालची इंग्रजी अक्षरं वाचत. बाप रेल्वेत गार्ड. युद्धात घर गेलं. पोरगा चर्चमध्ये ऑर्गन वाजवायला शिकला, आधी जुन्या मूकपटांच्या खेळांना साथ, मग तीसेक चित्रपटांना संगीत. बक्षिसं ढीगभर, लग्नं तीन. तिन्ही बायका गाणाऱ्या! इथे मी लॅपटॉप जवळ ओढला.

मग भोपाळ आलं. ब्याऐंशी साली तो इथे लोकगीतं टिपायला आला, आणि शाळेने गाण्याच्या बाई म्हणून तुला त्याच्यासोबत दिलं. दिवस गेलेले असताना तू जीपमधून गावोगाव हिंडत होतीस. घरी आल्यावर बोलायचीस तेही त्याचंच. मी चहा गाळत ऐकायचो.

संपदाच्या बारशालाही हजर! आपल्यात पाळण्यापाशी बायकाच. आम्ही पुरुष गच्चीवर पेढे खात बसलो. पण हा परदेशी. तुझ्या आईने "येऊ दे हो त्याला, त्याला काय कळतंय" म्हणत टेपरेकॉर्डरसकट आत घेतला आणि दार लोटलं. आत काय गायलीस, ते मी कधी विचारलं नाही. आठवड्याभराने तो मायदेशी गेला, तेव्हा तू दोन दिवस धड जेवली नाहीस. तेही विचारलं नाही. बाळंतिणीला होतं असं, असं तुझी आई म्हणाली. मला पटलं नव्हतं, आजही नाही.

तर त्याच्या सर्वांत गाजलेल्या चित्रपटात एक विधवा बर्फातून चालत जाते. मागे वाद्य एकही नाही, नुसता बाईचा आवाज. मनोरमा, तो आवाज तुझा. सापडली, म्हटलं!

पाळणाच होता. बाळाच्या आजीचं नाव झालं, आत्याचं झालं, आणि मग:

"नरहर माझा साधा भोळा,
लेकीसाठी झाला खुळा."

मी मागे नेऊन पुन्हा लावलं. चव्वेचाळीस वर्षं मी 'अहो' आहे, 'ऐकलंत का' आहे. लग्नातला उखाणा सोडला, तर तुझ्या तोंडून माझं नाव पहिल्यांदा ऐकलं, ते हंगेरीच्या बर्फात.

पुढे टिबोर खुर्चीत बसलेला, पार म्हातारा झालेला. म्हणतो, "मी तिला बुडापेस्टला चल म्हणालो होतो. तिने मला फक्त या गाण्याचा अर्थ सांगितला. त्या प्रसंगासाठी मला याहून चांगलं काही लिहिता आलं नाही."

म्हणजे माझा संशय खरा होता. त्याच्यावरचा तरी. माणूस लबाडच, पण प्रामाणिक निघाला; त्याच्याबद्दल थोडं वाईटही वाटलं. दोन दिवस का जेवली नव्हतीस, ते आता नको सांगूस. पण एवढं विचारतो, आणि याचं उत्तर हवं: गच्चीवर मी होतोच की. त्याला अर्थसुद्धा सांगितलास, मग मला नुसती चाल तरी का नाही ऐकवलीस?

लवकर ये. हे पत्र संपदाला दाखवू नकोस. आणि शेवटची ओळ मनात नको वाचूस, मोठ्याने वाच.

नरहर