उष्टा नान

४ मार्च
आजपासून आयुष्य बदललं. सियोब बाजारामागच्या जुन्या सामानवाल्याकडून हातानं लिहिलेली किताब घेतली. नाव ‘लगाम-ए-वक्त’. काळ मागे नेणं, थांबवणं, पळवणं, सगळं आत आहे. त्याला विचारलं, मग तू फुटपाथवर का बसलायस? म्हणाला, मला वाचता कुठे येतं. पटलं. बदल्यात हिवाळी बूट दिले. हिवाळा तसाही संपलाय.
मलाही वाचता येत नाही. जुनी लिपी, पानभर मुंग्या फिरल्यासारखी. पण हा तपशील झाला.
प्लॅन: २१ जानेवारी परत आणायची. त्या दिवशी परीक्षेत प्राध्यापक तुर्दियेव म्हणाले, उत्तर छान आहे, फक्त प्रश्न दुसरा आहे. मी पेपर त्यांच्या टेबलावर फेकला आणि कॉलेज सोडलं. त्याचं काही नाही. पण घरी परतताना बसथांब्यावर आमच्या मोहल्ल्यातल्या मोहिदिलनं विचारलं, आता काय करणार? मी म्हणालो, तुझ्यासारख्या छप्पन्न मिळतील. तेवढं एक वाक्य काढून टाकायचंय. बाकी दिवस आहे तसा राहू दे.

५ मार्च
बर्फ पडला. बूट नाहीत.
संध्याकाळी मामाच्या नानभट्टीवर काम करताना बातमी मिळाली. मामा म्हणाला, होशिम बोबोंच्या नातीचा नान तुटतोय, २८ तारखेला, मुलगा ताश्कंदचा दातांचा डॉक्टर. होशिम बोबो म्हणजे मोहिदिलचे आजोबा. दोन्ही घरच्या म्हाताऱ्यांनी मिळून नान तोडला की लग्न ठरलं, मग कुणाचा बापही मोडू शकत नाही. मामा पुढे काहीतरी सांगत होता. मी दार आपटून निघालो. भिंतींवर बसलेलं पीठ खाली आलं म्हणे.
तेवीस दिवस आहेत. पुरे.

६ मार्च
जुनी लिपी वाचणारा आमच्या मोहल्ल्यात एकच माणूस आहे. होशिम बोबो. निव्वळ योगायोग. मी त्यांच्याकडे फक्त किताबीसाठी गेलो. केस विंचरले होते ते वाऱ्यामुळे.
बोबो म्हणाले, एका गरम नानला एक पान. मान्य. मोहिदिलनं चहा आणला. माझ्या कपात अर्धाच ओतला. आमच्यात मान असाच देतात, पुन्हा पुन्हा ओतायला मिळावं म्हणून. पण ती पुन्हा आली नाही.
पहिलं पान: चाळीस दिवस सूर्याआधी उठावं.
दिवस कमी आहेत. उपाय सापडला. दुपारी झोपायचं आणि पुन्हा उठायचं. दिवसाला दोन उठणी, वीस दिवसांत चाळीस. बोबोंना सांगितलं. त्यांनी दाढी कुरवाळली. म्हणाले, बेटा, कॉलेजनं तुला सोडलं की तू कॉलेजला?

८ मार्च
दुसरं पान: या चाळीस दिवसांत राग करू नये. आला तर मोजणी पहिल्यापासून.
सोपं आहे. मी मुळात शांत स्वभावाचा.

९ मार्च
पहिला दिवस. मामा म्हणाला, नान करपवलास.

१० मार्च
पहिला दिवस. त्या दातवाल्याचा विचार आला.

११ मार्च
पहिला दिवस. सकाळी दोनदा पहिला दिवस झाला.

१५ मार्च
मोहिदिल अंगणात भेटली. म्हणाली, छप्पन्नपैकी किती झाल्या? मी म्हणालो, मी एका फार मोठ्या कामात आहे, तुला कळणार नाही. ती म्हणाली, हो, तू दुपारी झोपून पुन्हा उठतोस, सगळ्या गल्लीला कळलंय.
मनात राग आला नाही. पायात आला. बादली लाथाडली. पायात आलेला धरत नाहीत असं मी ठरवलं.

२२ मार्च
नवरोज होऊन गेला. कढईत सूमलक, म्हणजे गव्हाच्या अंकुरांची खीर, ढवळताना सगळे इच्छा मागत होते. मी मागितली नाही, माझ्याकडे किताब आहे. नंतर वाटलं, मागून ठेवायला हवी होती.

२५ मार्च
सापडलं. बोबो वाचत होते: जे अर्धं राहिलं ते काळाला गिळता येत नाही.
म्हणून तर घर सोडणाऱ्याला आपण नानचा एक घास घ्यायला लावतो आणि उरलेला नान भिंतीवर टांगतो. तो माणूस परत येऊन तो नान संपवेपर्यंत त्याला कुणी हात लावत नाही. माझे आजोबा फौजेत गेले तेव्हाचा नान दोन वर्षं टांगला होता.
आणि त्या समारंभाचे नान कोण पोचवणार? मी.
आधी उष्टा केलेला नान कोण तोडेल? लग्न अर्धं ते अर्धंच. काळ थांबला.
बोबो काहीतरी म्हणत होते. मी निघालो, घाई होती.

२८ मार्च, सकाळ
दोन मोठे नान, तिळाचे, कापडात. वाटेत वरच्याचा घास घेतला. मोठा. मीठ थोडं कमी होतं, मामाला सांगायला हवं.

२८ मार्च, दुपार
घडलं ते असं. बायकांनी कापड उघडलं. वरच्या नानचा घास गेलेला. कुणीतरी विचारलं, कोण निघालंय? मी पुढे झालो. म्हणालो, मी. आवाज चांगला लागला होता.
बोबो म्हणाले, छान, कुठे?
याचा विचार केला नव्हता.
मग त्यांनी दुसरा नान घेतला आणि तोडला. मी दोन आणले होते हे लक्षातच नव्हतं. नवरी आली. शोइरा. मोहिदिलची थोरली बहीण. बोबो म्हणाले, मामा सांगायला गेला, मी सांगायला गेलो, दर वेळी तू दाराबाहेर. दातवाल्यानं माझ्याकडे बघून हात जोडले. दात मात्र त्याचेही वेडेवाकडे.
मोहिदिल हसता हसता खाली बसली.
उष्टा नान परत न्यायला गेलो. बोबोंनी हात धरला. म्हणाले, निघतो म्हणालास ते या घरात, मग नान इथेच टांगणार. जाणारा जातो आणि संपवायला याच घरात येतो. मोहिदिलनं खिळा आणला. हातोडीही तिनंच धरली. ठोकताना म्हणाली, पदवी घेतल्याशिवाय याला हात लावशील तर बोटं तोडीन. आणि छप्पन्नचं? मी म्हणालो, चुकलं. हे वाक्य किताबीशिवाय आलं.

३० मार्च
शेवटचं पान राहिलं होतं. मी बोबोंना म्हणालो, वाचून टाका. नक्कल करणाऱ्यानं खाली लिहिलंय: ही किताब उतरवायला मला अकरा वर्षं लागली, तेवढ्यात मुलांना दाढ्या फुटल्या. यातलं काही कुणाला साधलं तर कृपया मला कळवावं.
बोबो म्हणाले, कळवणार का?

२ सप्टेंबर, हॉस्टेल
परत प्रवेश मिळाला. पहिल्याच वर्षाला. तुर्दियेव म्हणाले, या, बुन्योदजोन, जागा तशीच ठेवलीय. बाजूची मुलं माझ्यापेक्षा दोन वर्षांनी लहान. नव्या आयुष्याचा पहिला तास सकाळी आठचा. मी साडेआठला पोचलो. दुपारी एकदा पुन्हा उठलो.
पदवीला चार वर्षं. काळ पळवण्याचा भाग त्या किताबीत होता. पण ती सामानवाल्याला परत देऊन मी बूट घेतलेत.
मोहिदिलला लिहिलं, नान नीट आहे ना?
तिचं उत्तर आलं. उंदरानंही एक घास घेतलाय. बोबो म्हणतात, आता तोही परत येणार. बघ, आधी कोण पोचतं.