डोहाला सांगितलेलं नाव

अहो विसरभोळे,

वाकून नमस्कार. कोविडनं दवाखान्यात राहून आलात, तेवढं मला कळवायचं विसरलात होय? रेखा सूनबाईनं सांगितलं. अजून दम लागतो का?

विमानं बंद, म्हणून मी अजून ऑस्ट्रेलियातच, मितालीकडे. चहूकडे लाल डोंगर, मधे वाळवंटी खोरं. नदी वाळूखालून वाहते, एक डोह तेवढा आटत नाही. शेजारच्या मार्गीची माणसं पिढ्यान्‌पिढ्या इथलीच. ती म्हणाली, “डोहाला आपल्या माणसांची नावं सांगायची, मग तो सांभाळतो.” जन्मभर उखाण्यातच घेतलेलं तुमचं नाव मी तिथं मोठ्यानं घेतलं. नात बघतच राहिली. या पत्रात मात्र तिला ते लिहायला सांगणार नाही.

तुमची अनसूया
(लिहून घेणारी नात मिताली)

ता. क. पोस्ट सुरू झालं की सांडगी मिरच्या पाठवा. वाळत तुम्हीच घाला, गच्चीवर सावकाश; तेवढंच ऊन अंगावर पडेल.